जागतिक स्पर्धेतली महिलांची बटरफ्लाय शर्यत : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जागतिक जलतरण स्पर्धा जवळ आली की माझ्याकडे प्रश्नांची रीघ लागते, आणि त्यातले निम्मे बटरफ्लायबद्दलचे असतात. मी बरीच वर्षं टर्नवरची, म्हणजे भिंतीला स्पर्श करून वळताना बघणारी, पंच म्हणून भिंतीशी उभी राहिले आहे. त्यामुळे माझी उत्तरं भिंतीकडे जरा झुकलेली वाटतील, पण ही शर्यत बहुतेक वेळा तिथेच ठरते असं माझं ठाम मत आहे. सोपे प्रश्न आधी घेतले आहेत, किचकट नंतर.

१. बटरफ्लाय म्हणजे नेमकं काय? मला तर ब्रेस्टस्ट्रोकसारखंच वाटतं.

वाटणारच, कारण त्याचा जन्म तिथलाच. १९३० च्या दशकात ब्रेस्टस्ट्रोक पोहणाऱ्या काहींच्या लक्षात आलं की हात पाण्याखालूनच पुढे न्यावेत असं नियमात लिहिलेलं नाही. ते हात पाण्यावरून फेकू लागले. वेग वाढला, आणि एकाच शर्यतीत दोन निराळ्या पद्धती एकमेकींशी भिडू लागल्या. शेवटी १९५२ मध्ये आंतरराष्ट्रीय महासंघाने दोन्ही प्रकार वेगळे केले.

आजचं बटरफ्लाय असं : छाती खाली, दोन्ही हात एकाच वेळी पाण्यावरून पुढे आणि एकाच वेळी पाण्याखालून मागे, दोन्ही पाय एकत्र वर-खाली. हातांच्या एका फेरीत दोन किक बसतात. पहिली हात पाण्यात शिरताना, दुसरी हात मांड्यांपाशी बाहेर पडताना. ही दुसरी किक वेळेवर बसली तर हात जणू आपोआप पुढे येतात. ती उशिरा बसली तर ते खांद्यांच्या जोरावर ओढून आणावे लागतात, आणि खांदे फार वेळ साथ देत नाहीत. बघणाऱ्याला या प्रकारात ताकद दिसते. तो चालतो मात्र तालावर.

२. महिलांच्या किती अंतरांच्या शर्यती असतात?

तीन : ५०, १०० आणि २०० मीटर. ऑलिंपिकमध्ये महिलांची १०० मीटर १९५६ साली मेलबर्नला सुरू झाली आणि ती अमेरिकेच्या शेली मॅनने जिंकली. २०० मीटरसाठी महिलांना १९६८ च्या मेक्सिको सिटीपर्यंत थांबावं लागलं. तिथे नेदरलँड्सची अडा कॉक पहिली आली. गंमत म्हणजे पुरुषांचं उलट झालं. त्यांना १९५६ मध्ये २०० मीटर मिळाली आणि १०० मीटर १९६८ मध्ये.

जागतिक स्पर्धा १९७३ मध्ये बेलग्रेडला सुरू झाली. तेव्हापासून १०० आणि २०० मीटर आहेतच. ५० मीटरची भर २००१ च्या फुकुओका स्पर्धेत पडली. ऑलिंपिकमध्ये ५० मीटर बटरफ्लाय पहिल्यांदा २०२८ ला लॉस एंजेलिसमध्ये होणार आहे.

३. हीट, उपांत्य, अंतिम हे सगळं कसं चालतं? आणि सगळ्यात वेगवान मुलगी मधल्याच लेनमध्ये का?

सकाळी हीट, म्हणजे प्राथमिक फेऱ्या, होतात. सगळ्या हीट मिळून वेळेनुसार पहिल्या १६ जणी संध्याकाळी उपांत्य फेरीत उतरतात, आणि त्यांतल्या ८ जणी दुसऱ्या दिवशी संध्याकाळी अंतिम फेरीत. हीट जिंकली म्हणून कुणी पुढे जात नाही, पुढे नेते ती फक्त वेळ. मंद हीटमध्ये पहिली आलेली मुलगी घरी जाते आणि वेगवान हीटमधली पाचवी पुढे सरकते, असं नेहमी घडतं.

सर्वांत चांगली वेळ असलेलीला लेन ४ मिळते, मग क्रमाने ५, ३, ६, २, ७, १ आणि ८. मधून पोहणाऱ्यांना दोन्ही बाजूंच्या प्रतिस्पर्धी दिसतात. कडेच्या लेनमध्ये भिंतीवरून परतणाऱ्या लाटांचा त्रास जास्त, असं पोहणारे सांगतात. लेनच्या आधुनिक दोऱ्यांनी तो बराच कमी झाला आहे. कडेची लेन म्हणजे हरलेली लेन नव्हे. टोकियो ऑलिंपिकमध्ये पुरुषांची ४०० मीटर फ्रीस्टाईल ट्युनिशियाच्या अहमद हफनावीने आठव्या लेनमधूनच जिंकली.

४. एका देशाच्या किती मुली उतरू शकतात?

एका शर्यतीत जास्तीत जास्त दोन, आणि दोघींनीही 'अ', म्हणजे जास्त कडक, पात्रता वेळ गाठलेली हवी. त्याहून सैल असलेल्या 'ब' वेळेवर एकच प्रवेश मिळतो. म्हणून बलाढ्य देशांत निवड चाचणीच जागतिक अंतिम फेरीइतकी कठीण होऊन बसते. जगात चौथी-पाचवी असलेली मुलगी स्वतःच्या देशात तिसरी आली तर तिला स्पर्धा घरी बसूनच बघावी लागते. मला हा नियम कठोर वाटतो, पण तो नसता तर अंतिम फेरीत दोन-तीनच देश दिसले असते.

५. बारा-पंधरा वर्षांच्या मुली यात कशा काय उतरतात?

जागतिक स्पर्धेची सर्वसाधारण किमान वयोमर्यादा १४ वर्षांची आहे, मात्र 'अ' वेळ गाठलेल्या लहान मुलीला सूट मिळते. याच सवलतीमुळे २०२५ मध्ये सिंगापूरला चीनची बारा वर्षांची यू झिदी उतरली आणि २०० मीटर बटरफ्लायच्या अंतिम फेरीत चौथी आली. त्याच स्पर्धेत २०० आणि ४०० मीटर वैयक्तिक मेडलेतही (चारही प्रकार एकटीने पोहायची शर्यत) तिचा क्रमांक चौथाच होता.

स्वीडनची सारा शोस्ट्रोम २००९ मध्ये रोमला १०० मीटरची जगज्जेती झाली तेव्हा पंधरा वर्षांची होती. उपांत्य फेरीत तिने ५६.४४ सेकंदांचा जागतिक विक्रम केला आणि अंतिम फेरीत तोही ५६.०६ वर आणला. त्यानंतर मात्र तिची वाट सरळ नव्हती. लंडन ऑलिंपिकमध्ये ती चौथी आली. २०१३, २०१५ आणि २०१७ ची जागतिक सुवर्णपदकं आणि २०१६ चं ऑलिंपिक सुवर्ण हे सगळं त्यानंतरचं. लहान वयातल्या यशाबद्दल पालक मला विचारतात तेव्हा मी त्यांना रोमबद्दल सांगत नाही, रोमनंतरच्या चार वर्षांबद्दल सांगते.

६. सूर मारल्यावर त्या इतका वेळ पाण्याखालीच का राहतात?

पाण्याखाली वेग जास्त टिकतो म्हणून. सूर मारल्यावर किंवा भिंतीला लाथ मारल्यावर शरीराला जो वेग मिळतो, तो पोहून मिळवता येणाऱ्या वेगापेक्षा जास्त असतो. पृष्ठभागावर शरीर स्वतःच लाट उठवतं आणि त्या लाटेत शक्ती वाया जाते. थोडं खोल गेलं की हा अडथळा बराच कमी होतो. हात डोक्यापुढे एकावर एक जुळवून, अंग ताठ ठेवून केलेल्या डॉल्फिन किक (दोन्ही पाय एकत्र वर-खाली) हा तो वेग राखण्याचा सर्वांत चांगला उपाय आहे.

अमेरिकेची मिस्टी हायमन या कलेत इतकी तरबेज होती की एकेका लांबीचा (तलावाच्या एका भिंतीपासून दुसरीपर्यंतच्या अंतराचा) मोठा भाग ती पाण्याखालीच काढायची. असे पोहणारे वाढू लागले तशी शर्यत दिसेनाशी होऊ लागली, आणि १९९८ मध्ये बटरफ्लायला १५ मीटरची मर्यादा आली. सगळ्यांना वाटलं हायमनचं शस्त्रच गेलं. दोन वर्षांनी सिडनी ऑलिंपिकच्या २०० मीटरमध्ये, ऑस्ट्रेलियाच्या लाडक्या सुझी ओनीलच्या घरच्या तलावात, हायमनने नव्या मर्यादेत राहून सुवर्ण जिंकलं. फलकाकडे बघतानाचा तिचा चेहरा ज्यांनी पाहिला आहे ते तो विसरत नाहीत.

७. १५ मीटरचा नियम नक्की काय आहे? थोडं पुढे गेलं तर चालतं का?

नाही चालत. सुरुवातीनंतर आणि प्रत्येक टर्ननंतर १५ मीटरच्या खुणेपर्यंत डोकं पृष्ठभागाबाहेर आलंच पाहिजे, आणि पुढच्या टर्नपर्यंत किंवा शेवटापर्यंत शरीर पृष्ठभागावरच राहिलं पाहिजे. लेनच्या दोरीवर ही खूण वेगळ्या रंगाने केलेली असते. पाण्याखाली किक हव्या तितक्या मारता येतात, पण हात मात्र एकदाच ओढता येतो आणि त्या ओढीने वर यावं लागतं.

मोजायचं ते डोकं. पाय खुणेच्या मागे असून उपयोग नाही.

८. शर्यत बघताना नजर कुठे ठेवायची? सुरुवातीला जी पुढे असते ती नेहमी जिंकत का नाही?

हा माझा सगळ्यात आवडता प्रश्न, म्हणून उत्तर लांबणार आहे.

पहिल्या ५० मीटरच्या टर्नला फलकावर जे आकडे येतात त्यांवर फार विसंबू नका. १०० मीटर बटरफ्लायमध्ये दुसरी लांबी पहिलीपेक्षा तीन-चार सेकंदांनी मंद असते, अगदी जगातल्या सर्वोत्तम मुलींचीही. काही सेकंद सुराच्या वेगामुळे वाढतात, बाकीचे दमल्यामुळे. तेव्हा खरा प्रश्न कोण किती वेगाने जाते हा नसतो. कोण किती कमी मंदावते, हा असतो.

टोकियो ऑलिंपिकची १०० मीटर अंतिम फेरी पुन्हा बघा. ५० मीटरच्या भिंतीला कॅनडाची मॅगी मॅकनील सातवी होती. आठ जणींत सातवी! तिथून तिने टर्न घेतला, लांब आणि घट्ट अंगाने पाण्याखाली गेली, आणि वर आली तेव्हा शर्यतीत होती. शेवटी तिची वेळ ५५.५९, चीनच्या झांग युफेईची ५५.६४, ऑस्ट्रेलियाच्या एमा मकीऑनची ५५.७२. मॅकनीलची नजर अधू आहे. चष्म्याशिवाय फलक दिसेना, म्हणून डोळे बारीक करून ती स्वतःचं नाव शोधत होती. आपण जिंकलो हे तिला सगळ्यांच्या नंतर कळलं.

टीव्हीवर बघताना मी तीन जागा धरते. पहिली, ५० मीटरच्या भिंतीनंतरचे दहा-बारा मीटर : पाण्याखालून कोण पुढे निघालं. दुसरी, ७५ मीटरच्या आसपास हात पाण्याबाहेर येतानाची उंची. दमलेल्या मुलीचे हात पाण्याला घासू लागतात आणि कंबर खाली जाते. तिसरी, शेवटचे पाच मीटर, ज्याबद्दल प्रश्न १२ मध्ये सविस्तर लिहिलं आहे.

९. २०० मीटरला एवढं का घाबरतात?

कारण या प्रकारात विसाव्याची जागा नाही. फ्रीस्टाईलमध्ये एक हात काम करतो तेव्हा दुसरा सैल सोडता येतो. ब्रेस्टस्ट्रोकमध्ये प्रत्येक फेरीत क्षणभर सरकत राहता येतं. बटरफ्लायमध्ये दोन्ही हात एकदमच कामाला लागतात आणि पाण्याबाहेरही एकदमच उचलावे लागतात. १५० मीटरनंतर खांद्यांत आणि मांड्यांत जी जळजळ सुरू होते ती आधी तालावर घाला घालते, आणि ताल गेला की तेच अंतर दुप्पट मेहनतीचं होतं.

म्हणून २०० मीटरमध्ये पहिल्या शंभरात संयम हवा. चांगली पोहणारी पहिली लांबी अशी काढते की जणू काही घाई नाही. मग तिसऱ्या लांबीत, जिथे बाकीच्या सावरून घेत असतात, तिथे वेग धरून ठेवते. मला तिसरी लांबी चौथीपेक्षा जास्त महत्त्वाची वाटते. चौथीत दुखणं सगळ्यांनाच असतं.

अथेन्स २००४ मध्ये ही शर्यत पोलंडच्या ओतिलिया येंजेचाकने जिंकली आणि पुढे ते सुवर्णपदक रक्ताच्या कर्करोगाने आजारी मुलांसाठी लिलावात दिलं.

१०. श्वास कधी घेतात? दर हाताला की एकाआड एक?

दोन्ही चालतं (हात म्हणजे इथे हातांची एक पूर्ण फेरी). ५० मीटरमध्ये एक-दोन श्वासांत काम भागवतात. १०० मीटरमध्ये बऱ्याच जणी दोन हातांनंतर एक श्वास घेतात आणि शेवटी गरजेनुसार बदलतात. २०० मीटरमध्ये दर हाताला श्वास घेणाऱ्या पुष्कळ दिसतील. डोकं वर आलं की कंबर खाली जाते, ही त्यातली खरी किंमत. म्हणून उत्तम पोहणारीची हनुवटी श्वास घेतानाही पाण्याला टेकलेलीच दिसते, आणि हात पुढे पोहोचायच्या आधी तिचा चेहरा परत पाण्यात गेलेला असतो. मान वळवून बाजूला श्वास घ्यायलाही बंदी नाही, फक्त शरीर छातीवर राहायला हवं.

११. दोन्ही हातांनी भिंतीला स्पर्श करायचा म्हणजे कसा? एक हात वर, एक खाली असेल तर?

चालेल. नियम दोनच गोष्टी मागतो : दोन्ही हात एकाच वेळी टेकले पाहिजेत आणि ते एकमेकांपासून वेगळे असले पाहिजेत. ते पाण्याच्या वर आहेत, पातळीवर आहेत की खाली, एकाच उंचीवर आहेत की नाहीत, याने फरक पडत नाही. एका हातावर दुसरा ठेवून स्पर्श केला तर मात्र बाद.

सर्वांत जास्त चुका टर्नला होतात, शेवटी नव्हे. पोहणारी एका बाजूला वळायच्या घाईत असते आणि एक हात टेकायच्या आधीच दुसरा सुटतो. भिंतीशी उभं राहून वाकून बघताना हे स्पष्ट दिसतं, प्रेक्षकांत बसून जवळजवळ कधीच नाही. हात वर करून बाद ठरवताना पंचाला आनंद होत नसतो. वर्षभराची मेहनत त्या अर्ध्या सेकंदात गेलेली असते हे आम्हालाही कळतं. म्हणूनच शंका असेल तर फायदा पोहणारीला द्यायचा, हा सगळ्या पंचांनी पाळायचा दंडक आहे.

स्पर्शानंतर कसंही वळा, अगदी पाठीवरही. पाय भिंत सोडतील तेव्हा शरीर छातीवर असलं की झालं.

१२. शेवटच्या क्षणी एक हात आणखी मारायचा की तसंच सरकत जायचं?

याचं एकच उत्तर नाही, म्हणून तर इतक्या शर्यती इथे उलटतात. भिंत अर्ध्या हातावर असेल तर दोनच पर्याय उरतात : हात ताणून सरकत जा, किंवा घाईने एक आखूड हात घ्या. सरकताना वेग झपाट्याने उतरतो. आखूड हात कुरूप दिसतो, पण भिंतीवर जोरात आदळतो. २००८ च्या बीजिंगमध्ये पुरुषांच्या १०० मीटरला मिलोराद चाविच सरकत गेला, मायकल फेल्प्सने तो जास्तीचा हात घेतला आणि ०.०१ सेकंदाने जिंकला.

महिलांमध्ये याच शतांशांची गोष्ट अमेरिकेच्या टोरी हस्कीची आहे. टोकियोत तिचं कांस्य ०.०१ सेकंदाने हुकलं : मकीऑन ५५.७२, ती ५५.७३. तीन वर्षांनी पॅरिसमध्ये सहकारी ग्रेचेन वॉल्श जवळजवळ पूर्ण शर्यतभर पुढे होती. हस्कीने शेवटच्या काही मीटरमध्ये तिला गाठलं आणि ५५.५९ विरुद्ध ५५.६३ अशी जिंकली. खरं तर शेवटचा हात भिंतीजवळ ठरत नाही. पंधरा-वीस मीटर आधीपासून हातांची लांबी जुळवत आणावी लागते, आणि ते सरावात हजारदा केलेलं असावं लागतं.

१३. दोघींची वेळ अगदी सारखी आली तर? हजाराव्या भागाने ठरवत नाहीत का?

नाही. दोघींना तेच पदक मिळतं आणि पुढचा क्रमांक रिकामा राहतो. रिओ २०१६ मध्ये पुरुषांच्या १०० मीटर बटरफ्लायला तिघांची वेळ ५१.१४ आली आणि तिघांनाही रौप्य मिळालं.

हजारावा भाग एकदा वापरला होता. १९७२ च्या म्युनिकमध्ये पुरुषांच्या ४०० मीटर मेडलेत गुन्नार लार्सन टिम मकीपेक्षा ०.००२ सेकंदांनी विजयी ठरवला गेला. त्यानंतर शतांशावरच थांबायचं ठरलं, आणि ते योग्यच आहे. १०० मीटर ५५ सेकंदांत पोहणारी मुलगी सेकंदाच्या हजाराव्या भागात दोन मिलिमीटरपेक्षाही कमी सरकते. तलाव बांधताना दोन लेनच्या लांबीत याहून जास्त फरक पडू शकतो आणि तेवढा नियमांनाही मान्य आहे. मग पोहणारीला मोजलं की भिंतीला?

अपवाद एकच. सोळाव्या किंवा आठव्या जागेसाठी बरोबरी झाली तर पदक वाटून देण्यासारखं काही नसतं, जागा एकच असते. तेव्हा त्या दोघींना पुन्हा पोहावं लागतं.

१४. एका अंतराचे दोन-दोन जागतिक विक्रम का दिसतात?

तलाव दोन मापांचे असतात म्हणून. ५० मीटरच्या तलावातले विक्रम वेगळे, २५ मीटरच्या तलावातले वेगळे. छोट्या तलावात भिंती दुपटीहून जास्त वेळा येतात, आणि भिंत म्हणजे वेग (प्रश्न ६). २०२४ च्या डिसेंबरात बुडापेस्टला २५ मीटरच्या जागतिक स्पर्धेत वॉल्शने १०० मीटर ५२.७१ सेकंदांत पोहून दाखवली. २०० मीटरला कॅनडाची समर मॅकिन्टॉश तिथेच १ मिनिट ५९.३२ सेकंदांत पोहोचली.

मोठ्या तलावात ३ मे २०२५ ला फोर्ट लॉडरडेलमध्ये वॉल्शने सकाळी ५५.०९ आणि संध्याकाळी ५४.६० असा १०० मीटरचा विक्रम एकाच दिवसात दोनदा मोडला. ५५ सेकंदांच्या आत येणारी ती पहिली. त्याच उन्हाळ्यात सिंगापूरला ५४.७३ मध्ये ती जगज्जेती झाली, ५० मीटरचंही सुवर्ण तिचंच. मोठ्या तलावातला ५० मीटरचा २४.४३ सेकंदांचा विक्रम मात्र सिंगापूरनंतरही शोस्ट्रोमच्याच नावावर होता. तो तिने २०१४ मध्ये स्वीडनमधल्या बोरोसला केला होता.

१५. २०० मीटरचा विक्रम इतकी वर्षं का टिकला? पोशाखामुळे?

मुख्यतः हो. चीनची लिऊ झिगे २००९ च्या ऑक्टोबरात जिनानमध्ये २ मिनिटे १.८१ सेकंदांत पोहली. तो पॉलियुरेथेनच्या, म्हणजे प्लास्टिकसारख्या कृत्रिम पदार्थाच्या, पोशाखांचा काळ होता. ते पोशाख अंग घट्ट दाबून धरायचे आणि शरीर पाण्यात वर उचलायचे, आणि थकल्यावर कंबर खाली जाण्याचा बटरफ्लायमधला सर्वांत मोठा शत्रू त्यामुळे दूर राहायचा. २०० मीटरमध्ये तो फायदा सर्वांत जास्त जाणवणार हे उघड आहे. जानेवारी २०१० पासून महिलांसाठी फक्त कापडी पोशाख, खांद्यापासून गुडघ्यापर्यंत, एवढीच परवानगी उरली.

तरीही लिऊचं श्रेय पोशाखाला देऊन टाकणं मला पटत नाही. तेच पोशाख तेव्हा सगळ्यांनी घातले होते आणि तिच्याइतकं वेगात कुणीच पोहलं नव्हतं. सिंगापूरला मॅकिन्टॉश कापडी पोशाखात २ मिनिटे १.९९ सेकंदांत आली. दुसऱ्या आलेल्या रीगन स्मिथपेक्षा ती तीन सेकंदांनी पुढे होती, आणि विक्रमापासून ०.१८ सेकंद दूर.

१६. जुन्या काळातली सर्वांत मोठी बटरफ्लाय जलतरणपटू कोण?

माझ्या मते मेरी टी. मार. नाव मीघर असं लिहिलेलंही दिसतं, पण उच्चार मारच्या जवळचा आहे. १९८० मध्ये अमेरिकेने मॉस्कोवर बहिष्कार टाकला आणि ऐन बहरात तिचं ऑलिंपिक गेलं. पुढच्याच वर्षी विस्कॉन्सिनमधल्या ब्राउन डिअरला तिने १०० मीटर ५७.९३ आणि २०० मीटर २ मिनिटे ५.९६ सेकंदांत पार केली. पहिला विक्रम १९९९ पर्यंत टिकला, दुसरा २००० पर्यंत. जलतरणात विक्रम दर काही वर्षांनी पडत असताना हे दोन अठरा-एकोणीस वर्षं उभे राहिले. लॉस एंजेलिस १९८४ मध्ये तिने दोन्ही अंतरांची सुवर्णपदकं घेतली.

त्याच काळातल्या पूर्व जर्मनीबद्दलही विचारलं जातं. तिथल्या मुलींनी १९७० आणि ८० च्या दशकांत ही शर्यत गाजवली. पुढे उघड झालं की सरकारी यंत्रणाच खेळाडूंना, कित्येकदा त्यांच्या नकळत, उत्तेजक द्रव्यं देत होती. जर्मनीच्या न्यायालयांत त्यासाठी अधिकारी दोषीही ठरले. पदकं परत घेतली गेली नाहीत. ज्या मुलींच्या हातून पदकं निसटली त्यांच्यावर अन्याय झाला, आणि ज्यांच्या शरीरावर ते प्रयोग झाले त्यांच्यावरही.

१७. पाळीच्या दिवसांत अंतिम फेरी आली तर काय करतात?

पोहतात. काही जणी डॉक्टरांच्या सल्ल्याने आधीच तारखा जुळवतात, बऱ्याच जणी टॅम्पॉन किंवा कप वापरतात. या विषयावर फार काळ कुणी बोलत नसे. रिओ २०१६ मध्ये चीनची बॅकस्ट्रोक जलतरणपटू फू युआनहुई मेडले रिलेनंतर (चौघींनी एकेक प्रकार पोहायची सांघिक शर्यत) कॅमेऱ्यासमोर साधेपणाने म्हणाली की आदल्या रात्री पाळी सुरू झाल्याने थकवा जाणवत होता, पण ती सबब नाही. त्यानंतर हा प्रश्न मला मुलींकडून उघडपणे येऊ लागला, आणि मला त्याचं फार बरं वाटतं.

१८. गॉगल निघाला, दोरीला हात लागला, पाय वरखाली झाले, तर बाद होतात का?

गॉगल निघाला तर काहीच होत नाही : शर्यत थांबत नाही, पुन्हा होत नाही, शिक्षाही नाही. फेल्प्सने बीजिंगची २०० मीटर पाण्याने भरलेल्या गॉगलसह, हात मोजत जिंकली. म्हणून प्रत्येक लांबीला आपले किती हात लागतात हे पाठ असावं, असं मी मुलींना सांगते.

दोरीला हात घासला तरी चालतं, ती धरून स्वतःला ओढलं तर बाद. दोन पाय एकाच पातळीवर नसले तरी चालतात, पण एक वर जात असताना दुसरा खाली असा आळीपाळीने हलला की बाद. ब्रेस्टस्ट्रोकची किक चालत नाही. आणि सुरुवातीच्या इशाऱ्याआधी हलून निघालेल्या मुलीला दुसरी संधी मिळत नाही.

१९. रिलेत एखादीने बटरफ्लायचे १०० मीटर विक्रमापेक्षा वेगात काढले तर तो जागतिक विक्रम का मानत नाहीत?

मेडले रिलेचा क्रम बॅकस्ट्रोक, ब्रेस्टस्ट्रोक, बटरफ्लाय, फ्रीस्टाईल असा असतो. बटरफ्लायवाली तिसरी. ती स्थिर उभी राहून इशाऱ्याची वाट बघत नाही. पाण्यातली सहकारी भिंतीकडे येताना ती हात फिरवत झुकते, आणि भिंतीला स्पर्श होता होता तिचे पाय सूर मारायचा ठोकळा सोडत असतात. त्यामुळे साधारण अर्धा सेकंद वाचतो. रिलेत फक्त पहिल्या पोहणारीची वेळ विक्रमासाठी धरता येते, आणि मेडले रिलेत ती नेहमी बॅकस्ट्रोकची असते. वैयक्तिक मेडलेत बटरफ्लाय सुरुवातीलाच येतं, तो क्रम वेगळा. दोन्हींत गल्लत करू नका.

याच तिसऱ्या जागेवर टोकियोत जपानची रिकाको इकी उतरली. २०१८ च्या आशियाई स्पर्धेत सहा सुवर्णं जिंकून ती ऑलिंपिकची आशा बनली होती. फेब्रुवारी २०१९ मध्ये तिला रक्ताचा कर्करोग असल्याचं निदान झालं आणि ते वर्ष रुग्णालयात गेलं. एप्रिल २०२१ च्या जपानी निवड चाचणीत ती १०० मीटर बटरफ्लाय ५७.७७ सेकंदांत पहिली आली. वैयक्तिक शर्यतीसाठी ती वेळ पुरेशी नव्हती, रिलेच्या जागेसाठी होती. फलक बघून ती पाण्यातच रडू लागली होती.